बर्ड विरुद्ध फॉरेस्ट : आरोपी भलताच

अमेरिकन नाटकाचा इतिहास सांगायला घेतला की बहुतेक जण एकोणिसावं शतक चार वाक्यांत उरकतात आणि थेट विसाव्या शतकातल्या नाटककार यूजीन ओनीलपाशी येऊन थांबतात. मधल्या शंभर वर्षांत काय होतं? मेलोड्रामा, घसा फोडणारे नट आणि इंग्लंडहून आलेली उसनी नाटकं, असं ठरलेलं उत्तर मिळतं. या घाईत कुणी रॉबर्ट माँटगोमेरी बर्डचं नाव काढलंच तर वाद पेटतो, पण तोही ठरलेल्या चाकोरीत. एक बाजू म्हणते, एडविन फॉरेस्ट नावाच्या बड्या नटाने या गुणी नाटककाराला लुबाडलं. दुसरी बाजू म्हणते, कसलं लुबाडणं? ठरलेले पैसे हातात पडले, कागद करून घ्यायची अक्कल चालवली नाही, मग रडता कशाला? आणि ती नाटकं तरी कुठे एवढी थोर होती?

माझं म्हणणं असं की दोन्ही पक्ष दोन माणसांच्या स्वभावाचा पंचनामा करत बसले आहेत आणि खऱ्या आरोपीला कुणी कोर्टात उभंच केलेलं नाही. 1856 पर्यंत अमेरिकेच्या कायद्यात नाटकाच्या प्रयोगावर लेखकाचा कसलाही हक्क नव्हता. बर्डची कारकीर्द या एका भगदाडात गेली. फॉरेस्ट जसा वागला तसं वागणं त्यामुळेच शहाणपणाचं ठरलं. आणि 'त्या काळात वाचण्याजोगं नाटकच नव्हतं' हा जो निकाल आपण आज ऐटीत देतो, तोही त्या भगदाडाचाच परिणाम आहे.

आधी माणूस पाहू. बर्ड 1806 मध्ये डेलावेअरमधल्या न्यू कॅसल या गावी जन्मला. पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठातून 1827 साली डॉक्टर झाला, फिलाडेल्फियात जेमतेम वर्षभर वैद्यकी केली आणि ती सोडून लिहायला बसला. रोग्यांकडून पैसे मागायला जीभ रेटत नसेल तर वैद्यकी चालत नाही. पुढे नटाकडून पैसे मागतानाही या गृहस्थाची जीभ फारशी रेटली नाही. फॉरेस्टही 1806 चाच, फिलाडेल्फियातलाच. धिप्पाड देह, दणदणीत आवाज, आणि 'अमेरिकन नटाने अमेरिकन नाटक केलं पाहिजे' अशी जिद्द. 1828 साली त्याने जाहीर स्पर्धा लावली. पाच अंकी शोकांतिका हवी, नायक या भूमीचा मूळ रहिवासी हवा, बक्षीस 500 डॉलर आणि तिसऱ्या प्रयोगाचं निम्मं उत्पन्न. जॉन ऑगस्टस स्टोनचं 'मेटामोरा' निवडलं गेलं, 1829 च्या डिसेंबरमध्ये न्यूयॉर्कच्या पार्क थिएटरमध्ये लागलं, आणि फॉरेस्टने ते पुढे जवळजवळ आयुष्यभर केलं. स्टोनने 1834 मध्ये फिलाडेल्फियाच्या स्कूलकिल नदीत जीव दिला. त्याच्या कबरीवर दगड बसवला तो फॉरेस्टने, आणि त्यावर कोरून घेतलं की 'मेटामोरा'च्या लेखकाच्या स्मरणार्थ त्याच्या मित्राकडून. यात दांभिकपणा होता असं मला वाटत नाही. फॉरेस्टला तो खरोखरच मित्र वाटत असणार, आणि मित्राला आणखी काही देणं लागतो असं मात्र त्याला वाटत नसणार. दोन्ही गोष्टी एकाच मनात सुखाने नांदू शकतात.

बर्डने 1830 साली 'पेलोपिडस' लिहून फॉरेस्टची स्पर्धा जिंकली, पण ते नाटक रंगमंचावर आलं नाही. एकट्या नायकावर पेलून धरलेलं नाटक ते नव्हतं. त्याच्या जागी बर्डने 'द ग्लॅडिएटर' लिहून दिलं. रोममधल्या गुलामांच्या बंडाचा नायक स्पार्टाकस. 26 सप्टेंबर 1831 ला पहिला प्रयोग झाला आणि फॉरेस्टला जन्माची भूमिका मिळाली. बर्डच्या हयातीतच प्रयोगांची संख्या हजाराच्या घरात गेली असं नाट्य-इतिहासकार सांगतात. 1836 मध्ये फॉरेस्ट लंडनला ड्रुरी लेन थिएटरच्या मंचावर पहिल्यांदा उभा राहिला, तोही याच नाटकात. त्यानंतर पेरूच्या इंका राजपुत्रावरचं 'ओरालूसा' 1832 मध्ये आलं, 'द ब्रोकर ऑफ बोगोटा' 1834 मध्ये. आणि तिथे बर्डचं नाट्यलेखन जवळपास संपलं. तेव्हा तो अठ्ठावीस वर्षांचा होता.

'ग्लॅडिएटर'जवळ थोडं थांबायला हवं, कारण 'ती नाटकं म्हणजे नुसता आरडाओरडा' असं म्हणणाऱ्यांनी त्याचं साल नीट पाहिलेलं नसतं. 1831 च्या ऑगस्टमध्ये व्हर्जिनियातल्या साउथहॅम्प्टन काउंटीत नॅट टर्नरच्या नेतृत्वाखाली गुलामांनी बंड केलं. पन्नासच्या वर गोरे मारले गेले आणि बदल्यात त्याहून कितीतरी अधिक कृष्णवर्णीय. महिन्याभरात न्यूयॉर्कमध्ये एक पिळदार नट साखळदंड तोडून गुलामांना उठा म्हणतो आणि हाउसफुल्ल थिएटर टाळ्या वाजवतं. बर्डला याची पुरती जाण होती. आपल्या खासगी टिपणवहीत त्याने लिहून ठेवलं की हे नाटक गुलामगिरी चालणाऱ्या राज्यात केलं तर व्यवस्थापक, नट आणि कदाचित मी स्वतः, सगळे तुरुंगात जाऊ. त्याच वहीत साउथहॅम्प्टनच्या बंडखोरांविषयीची त्याची भाषा मात्र भेदरलेल्या गोऱ्या गृहस्थाची आहे. रोमन गुलामाला न्याय आणि शेजारच्या राज्यातल्या गुलामाची दहशत. या विसंगतीवरून त्याला ढोंगी ठरवणं सोपं आहे. पण लेखकाच्या मनापेक्षा त्याचं नाटक पुढे गेलेलं असतं तेव्हा अशीच विसंगती दिसते. पंधरा वर्षांनी, 1846 मध्ये, ब्रुकलिनच्या एका दैनिकाचा तरुण संपादक, पुढे कवी म्हणून गाजलेला वॉल्ट व्हिटमन, याने हे नाटक पाहून लिहिलं की अंडं जसं बलकाने भरलेलं असतं तसं हे नाटक गुलामगिरीविरोधाने भरलेलं आहे. निव्वळ आरडाओरड्यातून व्हिटमनला हे ऐकू आलं असतं का?

आता पैशाचं भांडण. फॉरेस्टने एकेका नाटकाचे 1000 डॉलर दिले. बर्डचं म्हणणं असं की नाटक चाललं तर आणखी रक्कम द्यायची हे तोंडी ठरलं होतं, आणि त्या हिशेबाने काही हजार डॉलर येणं होते. फॉरेस्ट म्हणाला, असं काही ठरलं नव्हतं, उलट मी उसने दिलेलेच तुझ्याकडे बाकी आहेत. 1833 मध्ये अमेरिकेच्या दक्षिणेत बरोबर प्रवास केलेले हे दोन मित्र 1837 च्या सुमाराला तुटले ते कायमचे.

फॉरेस्टची बाजू घेणाऱ्यांचं म्हणणं मी हलक्यात उडवणार नाही, कारण ते बरंचसं खरं आहे. मजुराला दिवसाकाठी साधारण एक डॉलर मिळायचा त्या काळात 1000 डॉलर ही मोठी रक्कम होती. दुसरा कुठलाही नट किंवा थिएटर मालक अमेरिकन लेखकाला एवढे पैसे देत नव्हता. प्रचलित रीत अशी की तिसऱ्या रात्रीचं उत्पन्न लेखकाचं. नाटक दोन रात्रींत झोपलं तर लेखकाच्या पदरी धुपाटणंही नाही. फॉरेस्टने नऊ स्पर्धा लावल्या, त्यांना दोनशेच्या आसपास नाटकं आली असं सांगतात. ज्या देशात अमेरिकन नाटक लिहिणं हा वेडाचा झटका समजला जाई, तिथे एका नटाने स्वतःच्या खिशातून ही मागणी निर्माण केली. शिवाय 'ग्लॅडिएटर' चाललं ते कुणामुळे? लोक बर्डच्या निर्यमक ओळी ऐकायला येत होते की फॉरेस्टचे दंड पाहायला? या प्रश्नाला 'ओळी' असं छातीठोक उत्तर देता येणार नाही. आणि कागद का केला नाही, या प्रश्नाला तर बर्डकडे काहीच उत्तर नव्हतं.

हे सगळं मान्य केल्यावर मात्र पुढचा प्रश्न विचारायला हवा, जो सहसा विचारला जात नाही: कागद केला असता तर त्यात बर्डने नेमकं काय विकलं असतं?

अमेरिकेचा पहिला कॉपीराइट कायदा 1790 चा. त्याने लेखकाला दिला तो छापण्याचा, पुन्हा छापण्याचा, विकण्याचा हक्क. 1831 च्या फेब्रुवारीत, म्हणजे 'ग्लॅडिएटर' लागण्याच्या सात महिने आधी, काँग्रेसने हा कायदा दुरुस्त केला. मुदत चौदाची अठ्ठावीस वर्षं केली, संगीतरचनांना संरक्षण दिलं. प्रयोगाबद्दल अवाक्षर नाही. याचा व्यवहारात अर्थ असा, की नाटक छापलं की ते कुणीही, कुठेही, लेखकाला एक सेंट न देता करू शकत होतं. पुस्तकाची चोरी गुन्हा होती, आणि त्याच पुस्तकातलं नाटक तिकीट लावून करणं हा सरळ धंदा होता. मग नाटकाचं रक्षण करायचं कसं? एकच मार्ग, ते छापायचंच नाही. हस्तलिखित पेटीत ठेवायचं, नटांना ज्याच्या त्याच्या संवादांपुरत्या नकला द्यायच्या आणि पेटीची किल्ली स्वतःकडे. नाटकाची किंमत त्या पेटीएवढीच. पेटी ज्याच्याकडे, मालक तो. आणि पेटी कुणाकडे असणार? गावोगाव प्रयोग करणाऱ्या नटाकडे, की फिलाडेल्फियात घरी बसलेल्या डॉक्टरकडे?

म्हणून 'फॉरेस्ट लबाड होता' हे स्पष्टीकरण मला तोकडं वाटतं. फॉरेस्ट उद्या संत झाला असता तरी त्याने 'ग्लॅडिएटर' छापू दिलं नसतं. छापलं असतं तर प्रत्येक शहरातल्या दुय्यम नटाने दुसऱ्या आठवड्यात स्पार्टाकस उभा केला असता. बर्डने कागद केला असता तर त्यालाही वाटा मागता आला असता तो फक्त फॉरेस्टकडून, आणि फॉरेस्ट नाही म्हणाला तर दुसऱ्या नटाकडे जायला हातात काही नव्हतं. एकच गिऱ्हाईक असलेल्या बाजारात विक्रेत्याने घासाघीस करावी अशी अपेक्षा ठेवणं आणि ती जमली नाही म्हणून त्याला भोळा म्हणणं, यात कुठला व्यवहारवाद आहे?

ही गोष्ट तेव्हाच्या लोकांना सुचण्यासारखी नव्हती असंही म्हणता येत नाही. पॅरिसमध्ये 1777 साली बोमार्शेने नाटककारांना एकत्र जमवलं ते याच कारणासाठी. कोमेदी-फ्रांसेज या शाही नाट्यसंस्थेची मंडळी हिशेब स्वतःच मांडत, आणि नाटकाचं उत्पन्न ठरलेल्या आकड्याखाली घसरलं की नाटक लेखकाच्या हातून सुटून मंडळींच्या मालकीचं होई. क्रांतीनंतर 1791 मध्ये फ्रान्सने प्रयोगाचा हक्क लेखकाला दिला. इंग्लंडमध्ये कादंबरीकार आणि खासदार बुल्वर-लिटनच्या पुढाकाराने 1833 साली तसाच कायदा झाला. म्हणजे बर्ड 'ब्रोकर ऑफ बोगोटा' लिहीत होता त्या वेळी दोन मोठ्या नाट्यपरंपरांच्या देशांत हा प्रश्न मिटलेला होता. अमेरिकेत तो मिटला 18 ऑगस्ट 1856 ला. त्या मागणीशी जी नावं जोडली जातात त्यांत बर्ड आहे, फिलाडेल्फियाचाच कवी-नाटककार जॉर्ज हेन्री बोकर आहे आणि मूळचा डब्लिनचा नट-नाटककार डायन बूसिको आहे. नव्या कायद्यात विनापरवाना पहिल्या प्रयोगाला किमान 100 डॉलर आणि पुढच्या प्रत्येक प्रयोगाला 50 डॉलर भरपाई ठरली. बर्ड 1854 च्या जानेवारीत वारला होता.

मधल्या वीस वर्षांत त्याने काय केलं? कादंबऱ्या लिहिल्या. स्पॅनिश विजेत्यांच्या काळातल्या मेक्सिकोवरची 'कालावार' 1834 मध्ये, मग 1836 मध्ये 'शेपर्ड ली', 1837 मध्ये 'निक ऑफ द वुड्स'. एका शोकांतिकेच्या श्रमात दोन कादंबऱ्या होतात आणि कादंबरीने खिसा लवकर भरतो, असा हिशेब त्याने 1831 मध्येच टिपणवहीत मांडला होता. पण नाटकवाल्यांनी त्याला तिथेही गाठलं. 'निक ऑफ द वुड्स'चं लुईझा मदिनाने केलेलं नाट्यरूपांतर न्यूयॉर्कच्या बावरी थिएटरमध्ये 1838 साली लागलं आणि पुढे कितीतरी वर्षं अमेरिकाभर चाललं. कादंबरीकाराची परवानगी घ्यायची वा त्याला काही द्यायची सक्ती कायद्याने कुणावरही नव्हती. (हीच गत पुढे 'अंकल टॉम्स केबिन'च्या लेखिकेची झाली. त्या कादंबरीच्या नाट्यरूपांवर डझनावारी कंपन्या पिढ्यान्‌पिढ्या जगल्या. नाट्यरूपांतराचा हक्क लेखकाला राखून ठेवता येईल असं कायद्यात आलं ते 1870 मध्ये.) बर्ड नंतर वैद्यकीय महाविद्यालयात शिकवायला लागला, शेती करून पाहिली, तब्येत ढासळली, शेवटी फिलाडेल्फियातल्या 'नॉर्थ अमेरिकन' या दैनिकात भागीदार आणि संपादक झाला. आयुष्याच्या शेवटी तो कॅमेरा घेऊन फिलाडेल्फियाच्या रस्त्यांचे फोटो काढत होता. ते फोटो आज शहराच्या जुन्या ग्रंथालयात जपून ठेवलेले आहेत, म्हणजे छायाचित्रकार म्हणूनही त्याचं नाव शिल्लक राहिलं. फक्त ज्यात तो सर्वाधिक गाजला ते नाटक तेवढं त्याच्या हातात राहिलं नाही. त्याच्या मृत्यूनंतर मुलाने वडिलांची नाटकं छापायची परवानगी मागितली, तेव्हा फॉरेस्टने साफ नकार दिला. नाटकं माझ्यासाठी लिहिली, माझी आहेत, वारसांचा त्यांच्यावर कसलाही हक्क नाही. फॉरेस्टचा तोवर हडसन नदीकाठी फाँटहिल नावाचा किल्लेवजा वाडा बांधून झाला होता. मरताना त्याने संपत्ती वृद्ध नटांच्या आश्रमासाठी ठेवली. नटांच्या, लेखकांच्या नव्हे.

इथे विरोधी पक्षाचा सगळ्यात भक्कम मुद्दा येतो. तो असा: ब्रिटिश पुस्तकांची फुकट छपाई अमेरिकेत कादंबरीच्याही मुळावर आली होती. 1891 पर्यंत परदेशी लेखकाला अमेरिकेत संरक्षण नव्हतं, त्यामुळे डिकन्स फुकट मिळत असताना प्रकाशकाने हॉथॉर्नला पैसे का द्यावेत? तरीही त्याच वीस वर्षांत हॉथॉर्नची 'द स्कार्लेट लेटर' आणि मेल्व्हिलची 'मोबी डिक' लिहिल्या गेल्याच ना? प्रतिभा असेल तर ती कायद्याची वाट पाहत बसत नाही.

मुद्दा भारी आहे, पण तो नेमका उलट्या बाजूने सिद्ध होतो. हॉथॉर्नने सेलमच्या कस्टम हाउसात नोकरी केली, मेल्व्हिल 1866 पासून न्यूयॉर्क बंदरात कस्टमचा निरीक्षक होता. कादंबरीवर पोट भरणं त्यांनाही जमलं नाही हे खरं. पण 'मोबी डिक' 1851 मध्ये छापली गेली होती. लोकांनी ती वाचली नाही, समीक्षकांनी टिंगल केली, मेल्व्हिल विस्मृतीत मेला, तरी पुस्तक ग्रंथालयांच्या कपाटात होतं. 1920 च्या आसपास एका नव्या पिढीला ते पुन्हा उघडून वाचता आलं. पडलेल्या पुस्तकाला दुसरी संधी मिळते, न छापलेल्या नाटकाला ती कुठून मिळणार? बर्डच्याच उदाहरणात हा फरक लख्ख दिसतो. त्याची 'शेपर्ड ली', एकामागून एक मेलेल्या माणसांच्या देहात शिरणाऱ्या आत्म्याची खट्याळ कादंबरी, छापली गेली होती. एडगर अॅलन पोने तिचं परीक्षण केलं, आणि 2008 साली ती नव्याने प्रकाशित होऊन लोक ती हौसेने वाचू लागले. त्याच माणसाचं 'ब्रोकर ऑफ बोगोटा' मात्र छापून निघालं 1917 मध्ये, लिहिल्यानंतर त्र्याऐंशी वर्षांनी. 'ग्लॅडिएटर' 1919 मध्ये, एका चरित्राच्या पाठीला जोडून. ओनीलचं पहिलं नाटक 1916 च्या उन्हाळ्यात प्रॉव्हिन्सटाउनच्या धक्क्यावर झालं होतं. म्हणजे 'ओनीलच्या आधी अमेरिकेत नाटक नव्हतं' असं म्हणणाऱ्या पहिल्या पिढीला बर्ड वाचायचा असता तरी तो ओनीलच्या नंतरच हातात आला असता.

दुसरा आक्षेप असा की मग 1856 नंतर काय उजेड पडला? कायदा आला, आणि त्यापाठोपाठ कुठला इब्सेन उगवला? उत्तर प्रामाणिकपणे द्यायचं तर, कुठलाही नाही. कायदा प्रतिभा देत नाही. तो कुणाला उपयोगी पडला ते पाहिलं तर बूसिकोसारखा चलाख कारागीर पुढे येतो. 1859 च्या 'द ऑक्टोरून'मध्ये त्याने लुइझियानातल्या मळ्यावरचा गुलामांचा लिलाव मंचावर दाखवला, लंडनला उत्पन्नातला वाटा मागून घ्यायची रीत रुजवली, पैसा मिळवला आणि उधळला. लेखकांच्या हक्कांसाठी भांडणाऱ्या या बहाद्दराच्या 'आफ्टर डार्क' नाटकात रुळावर पडलेल्या माणसाला आगगाडीखालून वाचवण्याचा प्रसंग होता, तो नाटककार ऑगस्टिन डेलीच्या 1867 च्या 'अंडर द गॅसलाइट'मधून उचललेला आहे असा निवाडा पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कच्या कोर्टात झाला. चोर आणि चौकीदार एकच. मला यात गंमत वाटते, आणि माझ्या बाजूचा पुरावाही दिसतो. 1831 मध्ये असा खटला उभाच राहू शकला नसता. नाटकातला एक प्रसंग ही कुणाची तरी मालमत्ता आहे, तिच्यासाठी नाटककार कोर्टात जाऊ शकतो, ही कल्पना रुजणं म्हणजेच नाटककार हा पेशा जन्माला येणं होतं. बरं, कायदा कागदावर आला तरी त्याला दात यायला वेळ लागला. प्रेक्षकांत लघुलेखक बसवून नाटकं उतरवून घेणं, गावोगाव नाव बदलून ती करणं सुरूच होतं, आणि भरपाई मागायला फिरत्या कंपनीला गाठायचं कुठे? नाटककार ब्रॉन्सन हॉवर्डने 1891 मध्ये नाटककारांची संघटना उभी केली, आणि 1897 मध्ये हेतुपुरस्सर केलेला विनापरवाना प्रयोग हा तुरुंगवासाचा गुन्हा ठरला. हॉवर्ड नाटकांवर, आणि मुख्यतः नाटकांवरच, सुखाने जगला. त्याच्या आधीच्या अमेरिकन पिढीत हे क्वचितच कुणाला साधलं होतं. ओनीलच्या आधीची वीस वर्षं ही अशी आहेत. मोकळ्या माळावर अचानक ओनील उभा राहिला ही कथा ऐकायला छान आहे, पण त्याला प्रयोगामागे मानधन मिळावं याची तजवीज कुणीतरी आधी करून ठेवली होती.

'करार झाला, पैसे घेतले, विषय संपला' हा युक्तिवाद आपल्याला परका वाटायचं कारण नाही. हिंदी चित्रपटांचे गीतकार आणि संगीतकार यांनी वर्षानुवर्षं एकरकमी पैसे घेऊन सगळे हक्क लिहून दिले, आणि गाणं पन्नास वर्षं वाजलं तरी त्यांच्या घरी काही आलं नाही. 2012 मध्ये आपल्या कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली: चित्रपटात वापरलेल्या साहित्य-संगीताच्या इतर वापरातून येणारी रॉयल्टी लेखकाला कराराने सोडूनही देता येणार नाही. तेव्हाही निर्मात्यांच्या बाजूने तेच मुद्दे आले होते, जोखीम आमची, गाणं चाललं ते आमच्या सिनेमामुळे. फॉरेस्टने हेच म्हटलं असतं. त्या दुरुस्तीचं शहाणपण असं की कोण चांगला आणि कोण वाईट हे ठरवायला ती बसली नाही. उपाशी माणूस उद्याचा हक्क आज विकणारच, तेव्हा तो विकताच येऊ नये, एवढंच तिने पाहिलं. ही दुरुस्ती अंमलात कितपत उतरली हा वेगळा लेख होईल.

राहता राहिला दर्जा. 'ग्लॅडिएटर' आज वाचताना दम लागतो हे मी कबूल करतो. स्पार्टाकस बोलायला लागला की थांबत नाही, आणि बाकीची पात्रं त्याला श्वास घ्यायला जागा करून देण्यापुरती आहेत. 'ब्रोकर ऑफ बोगोटा' मात्र वेगळंच आहे. त्याचा नायक बाप्तिस्ता फेब्रो हा सावकार, राजा नाही, योद्धा नाही. थोरल्या मुलाला त्याने घराबाहेर काढलं आहे आणि मनातून त्याच्यासाठी झुरतो आहे. तोच मुलगा वाईट सोबतीला लागून बापावर चोरीचा आळ येऊ देतो. पैशाच्या घरातला बाप आणि मुलगा यांच्यातलं हे भांडण वाचताना वाटतं की हा लेखक कुठेतरी निघाला होता. पण कुठे निघायचं हे त्याच्या हातात किती होतं? गिऱ्हाईक एक, आणि त्याला हवा होता मोठा देह, मोठा आवाज, शेवटच्या अंकात मरण. त्या काळच्या नाटकाला आपण भडक म्हणतो तेव्हा मागणी कुणाची होती हे सोयीने विसरतो. बाविसाव्या वर्षी, फॉरेस्टच्या स्पर्धेत पडण्याआधी, बर्डने 'द सिटी लुकिंग ग्लास' नावाची सुखात्मिका लिहिली होती. फिलाडेल्फियाच्या गल्ल्यांतले भामटे, बनावट नोटा चालवणारे, त्यांची बोली, त्यांचे डाव. त्यात फॉरेस्टला करण्याजोगं काही नव्हतं, म्हणून लेखकाच्या हयातीत ती कुणी केली नाही, आणि छापली गेली ती 1933 मध्ये. तोवर 'एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन नाटककाराला स्वतःच्या गल्लीतली माणसं दिसतच नव्हती' हे मत पक्कं होऊन बसलं होतं.